आधी शिक्का, मागाहून पुरावा

२५ सप्टेंबर २०१५. बकरी ईदचा दिवस. यवतमाळ जिल्ह्यातल्या पुसदमध्ये मशिदीजवळ बंदोबस्ताला उभ्या असलेल्या पोलिसांवर एका तरुणाने चाकूने वार केले. त्या वर्षीच राज्यात गोवंश हत्याबंदी लागू झाली होती आणि हल्ल्यामागे तोच राग असल्याचे तपासात पुढे आले. प्रकरण दहशतवादविरोधी पथकाकडे, म्हणजे एटीएसकडे गेले. आणखी दोघांना अटक झाली, बेकायदेशीर कृत्ये (प्रतिबंध) कायद्याची, म्हणजे ‘यूएपीए’ची कलमे लागली आणि खटला अकोल्याच्या विशेष न्यायालयात उभा राहिला. मे २०१९ मध्ये निकाल लागला. दहशतवादाचा आरोप तिघांवरही टिकला नाही. ‘जिहाद’ हा शब्द तोंडी आला एवढ्यावरून कोणाला दहशतवादी ठरवता येत नाही, असे न्यायालयाने म्हटले. चाकू चालवणाऱ्याला पोलिसांना जखमी केल्याबद्दल ३ वर्षांची शिक्षा झाली. तोवर साडेतीन वर्षांहून जास्त काळ त्याने गजांआड काढलेला होता. उरलेले दोघे निर्दोष सुटले.

२१ जून २०२२. अमरावतीत औषधविक्रेते उमेश कोल्हे रात्री दुकान बंद करून घरी निघाले असताना त्यांचा गळा चिरून खून झाला. सुरुवातीला तपास लुटीच्या अंगाने चालला. पैगंबरांविषयीच्या वक्तव्याने वादात सापडलेल्या भाजपच्या तत्कालीन प्रवक्त्या नूपुर शर्मा यांच्या समर्थनार्थ त्यांनी समाजमाध्यमावर पाठवलेला मजकूर हे खुनाचे कारण असावे, ही गोष्ट नंतर उघड झाली. मधल्या काळात, २८ जूनला, उदयपूरला एका शिंप्याची त्याच कारणावरून हत्या झाली होती. २ जुलैला केंद्रीय गृहमंत्रालयाने अमरावतीचा तपास राष्ट्रीय तपास यंत्रणेकडे, म्हणजे एनआयएकडे सोपवला. डिसेंबर २०२२ मध्ये ११ जणांवर आरोपपत्र दाखल झाले. हे दहशतवादी कृत्य होते, असा एनआयएचा दावा आहे. त्याचा निवाडा मुंबईच्या विशेष न्यायालयाने करायचा आहे.

वऱ्हाडातली ही दोन प्रकरणे एका मापाची नाहीत. एकात पोलीस जखमी झाले, दुसऱ्यात एक निरपराध माणूस जिवानिशी गेला. पण देशांतर्गत दहशतवादाचे सगळे अवघड प्रश्न या दोहोंत आलेले आहेत. गुन्हा कुठे संपतो आणि दहशतवाद कुठे सुरू होतो? ते कोण ठरवते आणि केव्हा? एकदा ठरवल्यावर आरोपीचे, मृताच्या घरच्यांचे आणि शहराचे काय होते? गेल्या वीस वर्षांतले महाराष्ट्रातले खटले शेजारी मांडून पाहिले तर एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसते. सरकारने कायदे कडक करत नेले, पण खटल्याचे भवितव्य ठरले ते पहिल्या काही दिवसांत ठाण्याच्या पातळीवर झालेल्या, किंवा न झालेल्या, कामावर.

दंगल, खून आणि दहशत

भारतीय कायद्यात ‘देशांतर्गत दहशतवाद’ असा वेगळा गुन्हा नाही. यूएपीएचे १५ वे कलम दहशतवादी कृत्याची व्याख्या करते: देशाची एकता, अखंडता, सुरक्षा वा सार्वभौमत्व यांना धोका पोचवण्याच्या किंवा लोकांत दहशत माजवण्याच्या हेतूने केलेली हिंसा. साधनांच्या यादीत बॉम्ब, स्फोटके, बंदुका, विषारी पदार्थ आहेतच, शिवाय ‘इतर कोणतेही साधन’ही आहे. म्हणजे चाकूही चालतो. गुन्ह्याचे वजन अशा रीतीने हत्यारावरून हेतूवर जाते. आणि हेतू पंचनाम्यात सापडत नाही. तो फोनमधल्या संदेशांतून, बैठकांच्या साक्षींतून, पैशांच्या वाटेतून कणाकणाने उभा करावा लागतो.

दंगल वेगळी. १२ नोव्हेंबर २०२१ ला त्रिपुरातल्या घटनांच्या निषेधार्थ अमरावती, नांदेड आणि मालेगावात निघालेल्या मोर्चांना हिंसक वळण लागले. दुसऱ्या दिवशी अमरावतीच्या बंदमध्ये राजकमल चौकात जमाव उतरला, दुकाने फुटली, संचारबंदी आणि नेटबंदी आली. १३ मे २०२३ ला अकोल्याच्या जुन्या शहरात समाजमाध्यमावरच्या एका मजकुरावरून दगडफेक आणि जाळपोळ झाली, एकाचा जीव गेला. यांपैकी कशालाही कोणी दहशतवाद म्हटले नाही आणि कायद्याने ते योग्यच होते. दंगलीत जमाव असतो, बेत असला तरी तो विस्कळीत असतो. दहशतवादात लक्ष्य निवडलेले असते आणि मारायचे एकाला, धाक घालायचा हजारोंना, असा हिशेब असतो.

तरीही दोहोंची जमीन एकच. दंगलीनंतर ज्या वस्तीला वाटते की आपली फिर्याद ठाण्यात घेतलीच जात नाही, तिथे टोकाचे बोलणाऱ्याला श्रोते मिळतात. अकोल्याच्या दंगलीत जखमी झालेल्या एका अल्पवयीन मुलाने आपण खुनाचे साक्षीदार असल्याचे सांगूनही गुन्हा नोंदवला गेला नाही, अशी तक्रार केली. ती थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली. सप्टेंबर २०२५ मध्ये न्यायालयाने पोलिसांवर ताशेरे ओढले आणि दोन्ही समाजांतले अधिकारी असलेले विशेष तपास पथक नेमण्यास सांगितले. पुढे फेरविचाराच्या टप्प्यावर त्या रचनेवरून खंडपीठातच मतभेद झाला. पथकात कोण असावे यावर मतभेद होऊ शकतो. पण एका जखमी मुलाच्या फिर्यादीसाठी दिल्ली गाठावी लागते, ही गोष्ट ठाणेदाराच्या टेबलावरची आहे.

तीन प्रवाह, एकच पद्धत

महाराष्ट्रातल्या अंतर्गत दहशतवादाचे तीन प्रवाह दिसतात. पहिला मुस्लिम कट्टरपंथीयांचा. १२ मार्च १९९३ च्या मुंबई स्फोटांत २५७ जण मेले. सीमेपलीकडची मदत आणि स्थानिक हात त्यात एकत्र आले होते. मे २०१४ मध्ये कल्याणचे चार तरुण ‘इस्लामिक स्टेट’साठी इराकला गेले, तेव्हा भरती मोबाइलवरूनही होऊ शकते हे राज्याला कळले. दुसरा हिंदू कट्टरपंथीयांचा. २००३–०४ मध्ये परभणी, पूर्णा आणि जालन्याच्या मशिदींत स्फोट झाले. एप्रिल २००६ मध्ये नांदेडमध्ये एका घरात स्फोट होऊन दोघे मेले, आणि ते बॉम्ब बनवत होते असा तपास यंत्रणांचा आरोप होता. २०१३ ते २०१७ या काळात महाराष्ट्रात डॉ. नरेंद्र दाभोलकर व गोविंद पानसरे आणि शेजारच्या कर्नाटकात एम. एम. कलबुर्गी व गौरी लंकेश यांचे खून झाले. तिसरा प्रवाह माओवाद्यांचा. १९८० च्या सुमारास तो आंध्रातून गडचिरोलीत उतरला.

प्रत्येक प्रवाहाचे समर्थक उरलेल्या दोघांनाच दहशतवाद म्हणतात. राज्यकर्तेही यातून सुटलेले नाहीत. सरकार बदलले की कोणत्या फाइलवरची धूळ झटकायची, हे बदलते. कायद्यापुढे मात्र तिघांचीही ओळख एकाच खुणेने व्हायला हवी: वादात हरवता न आलेल्या माणसाला किंवा समाजाला मारून, इतरांची तोंडे बंद करण्याचा बेत.

कायद्यांची चढती पायरी

सरकारचा पहिला प्रतिसाद नेहमी नव्या कायद्याचा असतो. १९८५ मध्ये ‘टाडा’ आला. पंजाबसाठी म्हणून आलेला हा कायदा देशभर वापरला गेला, हजारोंना अटक झाली, शिक्षा फारच थोड्यांना. १९९५ मध्ये तो मुदत संपून गेला. २००२ मध्ये ‘पोटा’ आला आणि २००४ मध्ये रद्द झाला. त्याच वर्षी त्यातली बरीच कलमे १९६७ च्या यूएपीएमध्ये येऊन बसली. २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबई हल्ल्यानंतर काही आठवड्यांत यूएपीए आणखी कडक झाला आणि एनआयए जन्माला आली. २०१९ च्या दुरुस्तीने संघटनेबरोबर एकट्या व्यक्तीलाही ‘दहशतवादी’ जाहीर करण्याचा अधिकार केंद्राला मिळाला. जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या ११३ व्या कलमात दहशतवादी कृत्य हा सर्वसाधारण फौजदारी कायद्यातला गुन्हाही झाला. महाराष्ट्राकडे याखेरीज १९९९ चा ‘मोक्का’ आहे. पोलीस अधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे दिलेला कबुलीजबाब त्याखाली पुरावा म्हणून चालतो.

या कायद्यांची खरी धार शिक्षेत कमी आणि जामिनात जास्त आहे. यूएपीएखाली आरोपपत्रासाठी १८० दिवसांपर्यंत मुदत मिळू शकते. ४३-ड (५) कलमानुसार, पोलिसांच्या कागदपत्रांवरून आरोप सकृद्दर्शनी खरा वाटला की जामीन नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१९ च्या वटाली निकालाने हे दार आणखी लोटले. त्याच न्यायालयाच्या २०२१ च्या नजीब निकालाने, खटला लांबत राहिला तर ते किलकिले होऊ शकते असे म्हटले. मधल्या वर्षांचा हिशेब कोणी देत नाही. २०१६ ते २०१९ या चार वर्षांत यूएपीएखाली ५,९२२ जणांना अटक झाली आणि १३२ जणांना शिक्षा झाली, असे केंद्र सरकारने २०२१ मध्ये संसदेत सांगितले. शिक्षा झालेले त्याच काळात अटक झालेले असतीलच असे नाही, म्हणून दोन आकड्यांचा भागाकार करून मोकळे होता येत नाही. पण खटल्याची वाट पाहणे हीच शिक्षा बनते, एवढे त्यातून दिसतेच.

खटल्यांचा ताळेबंद

जुलै २०२५ मध्ये दहा दिवसांच्या अंतराने दोन निकाल आले. ११ जुलै २००६ ला मुंबईच्या लोकलमध्ये सात स्फोट होऊन १८० हून अधिक प्रवासी मेले होते. विशेष न्यायालयाने २०१५ मध्ये पाच जणांना फाशी आणि सात जणांना जन्मठेप दिली. २१ जुलै २०२५ ला उच्च न्यायालयाने बाराही जणांना निर्दोष ठरवले. कबुलीजबाब छळ करून घेतल्याचा संशय, ओळखपरेडमधल्या त्रुटी, उशिरा उगवलेले साक्षीदार आणि बॉम्ब कोणत्या प्रकारचा होता हेही सिद्ध न होणे, अशी कारणे निकालात आहेत. यांतले काही आरोपी अमरावतीच्या मध्यवर्ती कारागृहात होते, त्यांनी निकाल पडद्यावरून ऐकला. एक जण निकालाआधीच नागपूरच्या तुरुंगात वारला होता. तीन दिवसांनी सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरण्यास स्थगिती दिली, पण सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठवले नाही.

३१ जुलैला मालेगावच्या २९ सप्टेंबर २००८ च्या स्फोटाचा निकाल लागला. सहा जण मेले होते, शंभराच्या आसपास जखमी झाले होते. हेमंत करकरे यांच्या एटीएसने सुरू केलेला तपास २०११ मध्ये एनआयएकडे गेला. तीनशेहून अधिक साक्षीदार तपासले गेले, त्यांतले तीसहून अधिक फितूर झाले. सातही आरोपी पुराव्याअभावी सुटले आणि न्यायालयाने मृतांच्या वारसांना व जखमींना भरपाई देण्याचा आदेश दिला. मालेगावातल्याच २००६ च्या स्फोटांत एटीएसने नऊ मुस्लिम तरुण पकडले होते. पुढे एनआयएने वेगळ्याच दिशेने आरोपपत्र दिले आणि एप्रिल २०१६ मध्ये त्या तरुणांची आरोपांतून मुक्तता झाली. नांदेडच्या स्फोटातले हयात आरोपी जानेवारी २०२५ मध्ये सुटले. प्रवाह वेगळे, पण शेवट एकच: सुटकेचे आदेश निघाले आणि मारले कोणी हे अजून अधिकृतपणे ठरलेले नाही.

दाभोलकर खटला याला अर्धा अपवाद आहे. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्याच्या ओंकारेश्वर पुलावर झालेल्या खुनाचा निकाल १० मे २०२४ ला लागला. दोघा मारेकऱ्यांना जन्मठेप झाली, तिघे सुटले. यूएपीएची कलमे इथेही सिद्ध झाली नाहीत, आणि कटामागचा सूत्रधार शोधण्यात यंत्रणा कमी पडल्याचे न्यायालयाने नोंदवले. मग जन्मठेप कशावर झाली? पुलाजवळ काम करणाऱ्या महापालिकेच्या सफाई कर्मचाऱ्यासारख्या प्रत्यक्षदर्शींनी मारेकरी ओळखले, त्यावर. खुनाचे जुने, साधे कलम टिकले, दहशतवादाचे भारी कलम पडले. पुसद प्रकरणातल्या अकोल्याच्या निकालातही, लहान प्रमाणावर, हेच झाले होते.

विदर्भाने आणखी एक खटला जवळून पाहिला. दिल्ली विद्यापीठाचे प्राध्यापक जी. एन. साईबाबा यांना २०१७ मध्ये गडचिरोलीच्या न्यायालयाने माओवाद्यांशी संबंधांबद्दल जन्मठेप दिली. ऑक्टोबर २०२२ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने, खटल्याची मंजुरी कायद्यानुसार नव्हती म्हणून, त्यांच्या सुटकेचा आदेश दिला. सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल रद्द करून फेरसुनावणी लावली. मार्च २०२४ मध्ये नागपूरने पुन्हा निर्दोष ठरवले. सात महिन्यांनी साईबाबा वारले. माओवाद्यांशी संबंधांच्याच आरोपावरून, एल्गार परिषद प्रकरणात २०१८ पासून एकेक करत सोळा जणांना अटक झाली आणि ८४ वर्षांचे फादर स्टॅन स्वामी जुलै २०२१ मध्ये कोठडीत असतानाच गेले. या आरोपींपैकी अनेकांना जामीन मिळत गेला, पण २०२५ पर्यंत खटला प्रत्यक्ष साक्षींपर्यंत पोचला नव्हता.

गडचिरोलीत काय जमले

तिसऱ्या प्रवाहाशी लढताना सरकारला बरेच यश आले. म्हणून ते कसे आले, हे पाहायला हवे. १९९० मध्ये स्थानिक तरुणांतून ‘सी-६०’ हे पथक उभे राहिले. भाषा आणि जंगल जाणणारी माणसे हे त्याचे बळ. २००९ मध्ये लाहेरीजवळ १७ पोलीस आणि १ मे २०१९ ला जांभुळखेड्याच्या सुरुंगस्फोटात १५ पोलीस व त्यांचा चालक मारले गेले. एप्रिल २०१८ मध्ये कसनासूर आणि आसपासच्या चकमकींत ४० माओवादी आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये मर्दिनटोल्यात माओवादी नेता मिलिंद तेलतुंबडेसह २६ हून अधिक मारले गेले. पण चकमकीच्या जोडीला २००५ पासून आत्मसमर्पण योजनाही होती. ऑक्टोबर २०२५ मध्ये माओवाद्यांच्या सर्वोच्च नेत्यांपैकी एक असलेल्या भूपतीने सुमारे ६० साथीदारांसह गडचिरोलीत शस्त्रे खाली ठेवली.

परत यायला वाट ठेवली की माणसे परत येतात. लोहखाणींवरून तिथल्या ग्रामसभांच्या तक्रारी आजही आहेत, त्या मिटवल्या नाहीत तर हे यश कच्चे राहील. पण बंदूक, रस्ता आणि परतीची वाट या तिन्ही गोष्टी एकत्र चालवल्याचे दुसरे उदाहरण राज्यात नाही. शहरांतल्या तरुणांसाठी अशी वाट अरुंद आहे. कल्याण प्रकरणानंतर एटीएसने बहकत चाललेल्या काही मुलांना आईवडील आणि मौलवींच्या मदतीने समजावून परत आणण्याचे काम केले. ते अधिकाऱ्याच्या उत्साहावर चालते, तो बदलला की थंडावते.

बाहेरचे जग

ब्रिटनने २१ नोव्हेंबर १९७४ च्या बर्मिंगहॅम स्फोटांनंतर आठ दिवसांत दहशतवादविरोधी कायदा केला. २१ जण मेले होते आणि जनमत खवळले होते. सहा जणांना जन्मठेप झाली आणि १९९१ मध्ये ते निर्दोष ठरून सुटले. खरे गुन्हेगार मोकळेच राहिले. मुंबई लोकलच्या खटल्याची ही जणू आधीची आवृत्ती.

अमेरिकेच्या कायद्यात ‘देशांतर्गत दहशतवाद’ची व्याख्या २००१ पासून आहे, पण त्या नावाचा स्वतंत्र गुन्हा नाही. १९९५ मध्ये ओक्लाहोमा सिटीत १६८ जणांना मारणाऱ्या टिमथी मॅकव्हेला शिक्षा झाली ती खून आणि स्फोटकांच्या कलमांखाली. नॉर्वेत २२ जुलै २०११ ला अँडर्स ब्रेविकने ७७ जणांना मारले. वर्षभराने, ऑगस्ट २०१२ मध्ये, नेहमीच्याच न्यायालयात निकाल लागला: २१ वर्षांची कैद, धोका वाटेल तोवर वाढवता येणारी. आपल्याला ही गती जमत नाही असेही नाही. अजमल कसाबचा निकाल २००८ च्या मुंबई हल्ल्यानंतर दीड वर्षात, मे २०१० मध्ये लागला. तिथे स्वतंत्र न्यायालय, रोजची सुनावणी आणि नीट बांधलेला पुरावा होता.

वऱ्हाडात काय व्हावे

राज्याने जुलै २०२५ मध्ये विशेष जनसुरक्षा विधेयक दोन्ही सभागृहांत मंजूर केले. ‘शहरी नक्षलवाद’ हे त्याचे सांगितलेले लक्ष्य. संयुक्त समितीकडे बारा हजारांहून अधिक सूचना आल्या होत्या. संघटना बेकायदेशीर ठरवण्याचा अधिकार त्यात सरकारला मिळतो, सल्लागार मंडळाची तरतूद आहे. समर्थक म्हणतात, यूएपीएतून सुटणारी जागा यातून भरेल. विरोधक म्हणतात, आंदोलकांवर हेच वापरले जाईल. दोन्ही बाजूंनी एक प्रश्न मात्र फारसा विचारला नाही: आधीच्या कायद्यांखालचे खटले का पडले? ते कायदा नरम होता म्हणून पडलेले नाहीत. ओळखपरेड चुकली, साक्षीदार फुटले, मंजुरीचा कागद नीट नव्हता, कबुलीजबाबाच्या भरवशावर बाकीचा पुरावा गोळा करायचा राहिला. नव्या कायद्याने यातले काही दुरुस्त होत नाही.

दुरुस्तीची साधने जवळच आहेत. सात वर्षे किंवा त्याहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्यात न्यायवैद्यक तज्ज्ञाने घटनास्थळी जाणे नव्या नागरिक सुरक्षा संहितेने बंधनकारक केले आहे आणि अमरावतीत प्रादेशिक न्यायवैद्यक प्रयोगशाळा आहे. साक्षीदार संरक्षणाचा कायदा राज्याने २०१७ मध्येच केला, तो कागदावरून उतरायला हवा. अमरावतीच्या साक्षीदाराने साडेसहाशे किलोमीटर प्रवास करून मुंबईत साक्ष द्यायची आणि तारीख पडली की परत यायचे, हे वर्षानुवर्षे कोणाला झेपेल? पुसदचा खटला अकोल्यात चालू शकला, तर असे खटले वऱ्हाडात चालवण्यासाठी विशेष न्यायालयाची बैठक अमरावतीतही बसू शकते.

आणि आधीची पायरी प्रतिबंधाची. १९८४ च्या दंगलीने होरपळलेल्या भिवंडीत १९८८ पासून पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी मोहल्ला समित्या बांधल्या. दोन्ही समाजांतली सामान्य माणसे ठरावीक दिवशी पोलिसांसमोर बसू लागली. १९९२–९३ मध्ये मुंबई पेटली तेव्हा भिवंडी शांत राहिली. अमरावती-अकोल्यात शांतता समित्या आहेत, पण त्यांच्या बैठका प्रामुख्याने सणांच्या तोंडावर होतात आणि त्यांत पुढारीच जास्त असतात. एका मजकुरावरून शहर पेटायला तासभर पुरतो हे २०२३ मध्ये दिसले. तेवढ्या वेळात नेट बंद करणे सरकारला जमते. ज्याच्या शब्दाला दोन्ही मोहल्ल्यांत मान आहे असा माणूस मात्र आधीपासून जोडून ठेवावा लागतो.

दहशतवादाचे बळी दोन रांगांत उभे आहेत. एका रांगेत कोल्हे यांचे कुटुंब, लोकलमध्ये मेलेल्यांचे नातेवाईक, मालेगावचे जखमी, दाभोलकरांचे घरचे आहेत. दुसऱ्या रांगेत दहा-दहा, वीस-वीस वर्षांनी ‘निर्दोष’ हा शब्द घेऊन बाहेर आलेले लोक आहेत. या दोघांना एकमेकांविरुद्ध उभे करण्याचे राजकारण सोपे आहे, पण दोघांचेही नुकसान एकाच ठिकाणी झाले आहे: कमकुवत तपासात आणि लांबलेल्या खटल्यात. म्हणून जनसुरक्षेच्या नावाने अधिकार मागणाऱ्या सरकारकडून एवढी अट तरी मान्य करून घ्यावी: दहशतवादविरोधी प्रत्येक कायद्याखाली किती अटका झाल्या, किती आरोपपत्रे वेळेत गेली, किती साक्षीदार फितूर झाले, किती जण सुटले आणि का सुटले, याचा हिशेब दर हिवाळी अधिवेशनात नागपूरला सभागृहापुढे ठेवला जावा. कायदे मंजूर करायला जेवढा वेळ मिळतो, तेवढा या हिशेबावरच्या चर्चेलाही मिळावा.